माहितीपट नंतर, आधी माळ्यावरची ट्रंक: नाशिकच्या समाजमंडळांना खुलं पत्र

प्रति,
नाशिक शहर आणि जिल्ह्यातील ज्ञातिसंस्था, समाजमंडळं, पंच कमिट्या, जमाती आणि विश्वस्त मंडळं यांचे अध्यक्ष, सचिव व खजिनदार यांस,

स. न. वि. वि.

शताब्दी असो, अमृतमहोत्सव असो, नव्या मंगल कार्यालयाचं उद्घाटन असो किंवा २०२७ चा सिंहस्थ, बैठकीत कोणीतरी म्हणतंच, "आपल्या समाजावर एक माहितीपट व्हायला हवा." विषय एकमताने मंजूर होतो, कारण त्याला विरोध करण्यासारखं काही नसतं. पुढे त्याचं काय होतं, हे या शहरात कॅमेरा, ध्वनी आणि संकलनाचं काम करणाऱ्या आम्हा मंडळींना चांगलं ठाऊक आहे.

रामकुंडावरून ड्रोन वर चढतो. शंख वाजतो. भारदस्त आवाजात गोदातीराचं माहात्म्य सुरू होतं. समाजाच्या इतिहासासाठी १८८३ च्या नाशिक गॅझेटिअरमधला उतारा उचलला जातो. तो सरकारी अधिकाऱ्यांनी बाहेरून पाहून लिहिलेला आहे आणि त्या काळच्या पद्धतीप्रमाणे अख्ख्या जातीला एका ओळीत स्वच्छ, काटकसरी किंवा आळशी ठरवून मोकळा होतो, याकडे कोणाचं लक्ष नसतं. मग आजी-माजी अध्यक्षांचे फोटो, देणगीदारांची नावं, मान्यवरांच्या शुभेच्छा. नव्वदीच्या आजींच्या वाट्याला दहा-बारा सेकंद येतात आणि त्यात त्या म्हणतात, "सगळ्यांनी एकीने राहा." दुसरं काय म्हणणार? त्यांना विचारलेलं असतं, "आजी, तरुणांना काय संदेश द्याल?"

आमचं म्हणणं थोडक्यात असं. फिल्म कधीही करता येते, पुढच्या पिढीलाही करता येईल. ती ज्या सामग्रीतून होते ती मात्र रोज कमी होते आहे. म्हणून मंजूर झालेल्या रकमेतला मोठा वाटा आधी मुलाखती आणि घरोघरच्या माळ्यावरच्या ट्रंकेतले फोटो, कॅसेट, कागद जपण्यावर खर्च करा. उरलेल्या पैशांत जमेल तेवढी साधी फिल्म करा. ड्रोन नसला तरी चालेल. तसंही नाशिकवर ड्रोन उडवणं वाटतं तेवढं सोपं नाही. देवळालीचं तोफखाना केंद्र, गांधीनगरचं लष्करी विमानतळ, ओझरचा एचएएलचा विमान कारखाना, नाशिकरोडचे नोटा-मुद्रांकांचे दोन्ही छापखाने, सगळे याच पट्ट्यात आहेत. २०२१ च्या ड्रोन नियमांनुसार नकाशावरच्या लाल, म्हणजे प्रतिबंधित क्षेत्रात केंद्र सरकारच्या परवानगीशिवाय उडवता येत नाही. 'डिजिटल स्काय' या सरकारी संकेतस्थळावरचा नकाशा न बघता होकार देणारा व्हिडिओवाला तुमच्या मंडळाला अडचणीत आणेल.

आता मुलाखत कोणाची घ्यायची? यादी करताना मंडळं वयाचा आणि पदाचा विचार करतात. वय ठीक. पण खरी कसोटी ही की या माणसाला माहीत असलेलं दुसरीकडे कुठे लिहिलेलं आहे का. माजी अध्यक्षांचं बहुतेक सगळं इतिवृत्तात, स्मरणिकेत आणि वर्तमानपत्रात आलेलं असतं. त्यांच्या घरी स्वयंपाकाला असलेल्या बाईंचं, वाड्याच्या मागच्या खोलीत चाळीस वर्षं राहिलेल्या भाडेकरूचं, लग्न होऊन सिन्नरला गेलेल्या आत्याचं कुठेच नसतं. आत्याला तर समाजाच्या वंशावळीतही जागा नसते. कुलवृत्तांतात मुलींची रेघ लग्नाशी थांबते.

धंद्याचं चित्रीकरण करतानाही हेच होतं. तांबट आळीत हातोडा चालवणाऱ्याला कॅमेरा लगेच सापडतो, ठोक्यांचा आवाजही छान येतो. पण तयार भांडं चिंच लावून उजळायला कोण बसायचं, मोड म्हणजे जुनी फुटकी भांडी विकत घ्यायला पैसे कोण पुरवायचं, मजुरी वजनावर होती की नगावर, हे विचारलं जात नाही. येवल्याची पैठणी म्हटली की मागावर बसलेला विणकर दिसतो. त्याच्यासाठी रेशमाच्या कांड्या भरणाऱ्या बायका आणि मुलं चौकटीबाहेरच राहतात. रंगपंचमीला रहाडीत, म्हणजे रस्त्याखालच्या रंगाच्या जुन्या हौदात, उडी मारणारे तरुण सगळ्यांच्या मोबाइलमध्ये आहेत. पण आदल्या दिवशी रहाड उघडणारे, रंग कढवणारे, शेवटी ती पुन्हा बुजवून पूर्ववत रस्ता करणारे हात कोणाचे आणि तो मान कोणत्या घराकडे का आला, हे सांगणारी माणसं थोडी उरली आहेत. कॅमेरा आदल्या दिवशी सकाळी लावा आणि दुसऱ्या दिवशीपर्यंत काढू नका.

एक अवघड विषय इथेच काढतो. २ मार्च १९३० रोजी डॉ. बाबासाहेब आंबेडकर आणि दादासाहेब गायकवाड यांच्या नेतृत्वाखाली काळाराम मंदिराचा सत्याग्रह सुरू झाला. सत्याग्रहींच्या वारसांकडे त्याची आठवण आहे. पण दार बंद करून आत उभी असलेली माणसंही याच शहरातली होती, त्यांचेही नातू-पणतू इथेच राहतात, आणि त्यांच्या मंडळांच्या माहितीपटात १९३० साल येतच नाही. ज्यांचा इतिहास अभिमानाने सांगता येतो त्यांनीच तो सांगायचा आणि बाकीच्यांनी स्वातंत्र्यलढ्यावरून थेट सहकारी पतपेढीवर यायचं, असा काही नियम नाही. "त्या दिवशी आपल्या घरचं कोण कुठे होतं?" हा प्रश्न दोन्हीकडे विचारता येतो. जेवणाच्या पंगतीला कोण कुठे बसायचं, विहिरीवर कोणाला थांबावं लागायचं, दारात आलेल्या माणसाला पाणी कशातून दिलं जायचं, या प्रश्नांना म्हातारी माणसं आश्चर्य वाटावं इतकी सरळ उत्तरं देतात. अडखळतात ती समोर बसलेली मुलं.

सामग्री दूरच्या कपाटात जाऊन बसली की काय होतं, याचं उदाहरण नाशिकमधल्याच शरणपूरचं. हिंदी महासागरात गुलामांच्या जहाजांवरून सोडवलेल्या आफ्रिकी मुलांना एकोणिसाव्या शतकात मुंबईमार्गे शरणपूरच्या मिशनमध्ये आणलं गेलं, शिकवलं गेलं, हातांना काम दिलं गेलं. त्यांच्यातलाच जेकब वेनराइट. आफ्रिकेत फिरलेले ब्रिटिश संशोधक डेव्हिड लिव्हिंगस्टन यांचा मृतदेह आफ्रिकेच्या आतल्या भागातून किनाऱ्यापर्यंत नेणाऱ्यांत तो होता आणि १८ एप्रिल १८७४ रोजी लंडनच्या वेस्टमिन्स्टर ॲबीतल्या अंत्यविधीत त्यांच्या शवपेटीला खांदा देणाऱ्यांतही होता. शरणपूरची पुष्कळ माणसं पुढे केनियातल्या मोंबासाजवळच्या फ्रीअरटाउनमध्ये स्थायिक झाली. तिकडे 'बॉम्बे आफ्रिकन' म्हणून त्यांचा अभ्यास होतो. इथे शरणपूर रोडवर सिग्नलला उभ्या असलेल्या माणसाला त्यातलं अक्षर माहीत नसतं, कारण नोंदी मिशनच्या दप्तरात आहेत आणि इथल्या कोणाच्या घरात ती ट्रंक नाही. विमुक्त जमातींचं याहून वाईट. १८७१ च्या कायद्याने गुन्हेगार ठरवलेल्या आणि १९५२ साली मुक्त झालेल्या समाजांबद्दलचा जुना सरकारी कागद बहुतेक पोलिसी आहे. तिथे तोंडी साक्ष हाच पहिला दस्तऐवज. कागद नाही म्हणून त्यांचा माहितीपट होत नाही, असं म्हणणाऱ्याने अजून विचारायला सुरुवातच केलेली नाही.

ज्यांच्याकडे कागद आहे त्यांनीही तो कसा वाचायचा हे ठरवावं. घराण्याच्या इतिहासासाठी सगळे तीर्थोपाध्यायांच्या वहीकडे धावतात. त्र्यंबक आणि पंचवटीतल्या वह्यांत गाव, आडनाव, कोण कधी आलं, सोबत कोण होतं, अशा नोंदी मिळतात, आणि त्या मोलाच्या आहेत. पण ती वही गुरुजींच्या वृत्तीचा भाग आहे, सार्वजनिक दप्तर नव्हे. कॅमेरा घेऊन थेट जाऊ नका. आधी भेटा, दक्षिणा ठरवा, फक्त आपल्या घराच्या पानांचे फोटो मागा, शेजारच्या नोंदी झाका. वहीत यात्रेला येऊ शकलेल्यांचीच नावं असतात, हेही ध्यानात असू द्या.

त्यापेक्षा कमी मानाचे पण जास्त बोलके कागद आहेत. गाव नमुना १४ म्हणजे जन्ममृत्यूची जुनी नोंदवही, ज्याला कोतवाल बुक म्हणतात, तहसील कार्यालयात मिळते. शाळेचं जनरल रजिस्टर, सिटी सर्व्हेची मिळकत पत्रिका, जमिनीचे फेरफार. विसाव्या शतकाच्या पहिल्या काही दशकांतल्या बऱ्याच नोंदी मोडी लिपीत आहेत. वाचणारा शोधा, अंदाजाने वाचू नका, कारण मोडीत एक अक्षर चुकलं तर आडनाव बदलतं. शाळेतल्या जन्मतारखेवर विसंबू नका. नाव घालताना गुरुजींनी सरसकट १ जून लावलेला असतो, म्हणून अर्ध्या महाराष्ट्राचा वाढदिवस त्या दिवशी येतो. आणि कोणी विचारत नाही अशी एक वही प्रत्येक घरात असते: आहेराची. कोणत्या गावाहून कोण लग्नाला आलं, किती रुपये किंवा कोणतं भांडं दिलं, ते ओळीने लिहिलेलं. तीन लग्नांच्या तीन वह्या शेजारी ठेवल्या तर नाती कुठे जुळली, कुठे तुटली आणि घरात पैसा कधी आला, हे कोणत्याही कुलवृत्तांतापेक्षा स्वच्छ दिसतं.

मुलाखतीकडे वळतो, कारण सगळ्यांत जास्त नुकसान तिथे होतं.

चित्र थोडं वाईट असलं तर चालतं, आवाज वाईट असला तर मुलाखत गेली. कॅमेऱ्याच्या किंवा मोबाइलच्या स्वतःच्या माईकवर कधीही विसंबू नका. दोन माईक लावा. एक कॉलर माईक हनुवटीखाली एक वीत अंतरावर, दुसरा बूमवर, म्हणजे लांब दांड्यावर, डोक्याच्या वर, चौकटीच्या जेमतेम बाहेर. दोन्ही वेगळ्या ट्रॅकवर. नऊवारी किंवा पाचवारी पदराच्या आत माईक लपवला की प्रत्येक हालचालीला खरखर येते. तो पदराच्या बाहेरच्या बाजूला, खांद्याजवळच्या निरीवर लावा, तारेचा छोटा वेढा टेपने चिकटवा आणि मंगळसूत्र त्यावर आपटत नाही ना ते बघा. दिसला तर दिसू द्या. काचेच्या बांगड्या काढायला सांगू नका, त्याऐवजी हात मांडीवर टेकतील अशी उशी द्या. आवाजाची पातळी मोठ्या शब्दालाही उणे १२ डेसिबलच्या आसपास राहील इतकी ठेवा. आठवण रंगली की माणूस मोठ्याने बोलतो आणि नेमकं तेच वाक्य फाटतं.

पंखा बंद, फ्रिज बंद. फ्रिज पुन्हा सुरू करायला विसरू नये म्हणून गाडीची किल्ली फ्रिजमध्ये ठेवण्याची आमच्या धंद्यातली जुनी युक्ती आहे, ती वापरा. शेजारच्या घरी कुकर कधी लागतो ते विचारून घ्या. रविवार कारंजा किंवा मेनरोडच्या बाजूची खोली असेल तर मागची, कपड्यांच्या कपाटांची खोली निवडा. गाद्या आणि साड्या आवाज शोषतात. देवघराची खोली दिसायला छान, पण गुळगुळीत फरशी आणि उघड्या भिंतींमुळे आवाज घुमतो. शेवटी सगळ्यांनी गप्प बसून एक मिनिट रिकाम्या खोलीचा आवाज घ्या. संकलनात दोन वाक्यं जोडताना तोच लागतो, आणि नेमका तोच घ्यायचा राहतो.

कॅमेऱ्याचं एकच सांगतो. आपली वीज ५० हर्ट्झची आहे. कॅमेरा ३० फ्रेम आणि शटर १/६० वर राहिला तर ट्यूबलाइटखाली चित्रात आडवे पट्टे फिरतात आणि ते नंतर धड निघत नाहीत. २५ फ्रेम, शटर १/५०. मोबाइलवर घेणार असाल तर ही सेटिंग हाताने ठेवता येणारं ॲप लावा आणि फोन विमान मोडवर टाका. दारातून येणारा उजेड माणसाच्या पाठीमागे नको, बाजूला हवा.

वेळ सकाळी दहा ते बाराची. एका बैठकीला दीड तास पुरे, त्यापुढे म्हातारं माणूस उपकार म्हणून बोलतं. कानाचं यंत्र असेल तर नवा सेल घालून बसा. रेकॉर्डिंग सुरू झालं की तारीख, ठिकाण, सांगणाऱ्याचं पूर्ण नाव, बायकांच्या बाबतीत माहेरचं नाव आणि गाव, आणि खोलीत कोण कोण आहे हे मोठ्याने बोला. फाइलचं नाव बदललं, कार्ड मिसळली, तरी आवाजातली नोंद राहते.

आणि खोलीत घरचं कोणी नको. हे सांगताना वाईटपणा येतो, पण त्याला इलाज नाही. मुलगा बसला की तो आठवण करून देतो: "अण्णा, ते सांगा ना, तुम्ही प्रेसमध्ये कसे लागलात." मग अण्णा घरात शंभरदा सांगितलेली, घासून गुळगुळीत झालेली गोष्ट सांगतात. नवरा बसला की बायको त्याच्याकडे बघून बोलते. अण्णांची प्रेस म्हणजे मुद्रांक छापणारी इंडिया सिक्युरिटी प्रेस, ती १९२५ साली सुरू झाली. तिथे पिढ्यान्‌पिढ्या नोकरी केलेली घरं नाशिकरोडला आहेत. त्या घरांतल्या बायकांना पाळ्यांची नोकरी म्हणजे काय ते विचारा. रात्रपाळीच्या नवऱ्याची झोप सांभाळत चाळीच्या एका खोलीत दिवसा मुलं कशी वाढवली, हे कामगारांच्या कोणत्याही फोटोत नाही.

प्रश्न विचारताना "तुमच्या बालपणाबद्दल सांगा" असं म्हणू नका, इतक्या मोठ्या दारातून कोणी आत येत नाही. कागद-पेन्सिल द्या आणि राहत्या घराचा नकाशा काढायला सांगा. न्हाणीघर कुठे होतं, चूल कुठे, बाळंतिणीची खोली कोणती, भाडेकरूचा जिना कुठून, कुलूप कशाला असायचं. हात चालू लागला की आठवण वाट काढते, आणि तो नकाशा हा स्वतंत्र दस्तऐवज होतो. वर्ष विचारू नका. "१९६९ च्या पुराआधी की नंतर? ७२ च्या दुष्काळात धाकटा झाला होता का? ओझरचा कारखाना सुरू झाला होता?" असं विचारलं की साल आपोआप दोन-तीन वर्षांच्या आत येतं. नाशिकचं माणूस बारा वर्षांची मोजपट्टी घेऊन जगतं. कोणत्या सिंहस्थाला घरी किती पाहुणे उतरले होते, हे त्याच्या पक्कं ध्यानात असतं. उत्तर संपल्यासारखं वाटलं की मनात पाच आकडे मोजा. पुष्कळदा खरं वाक्य त्या शांततेनंतर येतं, आणि नवखा मुलाखतकार नेमका तेव्हाच "वा, छान" म्हणतो.

कळवण-बागलाणकडच्या, मालेगावच्या माणसाला अहिराणीत बोलू द्या. कॅमेरा बघून लोक पुस्तकी मराठीत शिरतात आणि आठवण अर्धी होते. कोकणा, वारली, भिल्ल घरांत त्या त्या बोलीचं कोणीतरी सोबत हवं, पण ते गावच्या पुढाऱ्यांपैकी नसावं.

आता ट्रंक. फोटो स्कॅन करताना पोस्टकार्डाएवढ्या प्रतीला ६०० डीपीआय, पासपोर्ट आकाराला १२००, पस्तीस मिलिमीटरच्या निगेटिव्हला २४०० किंवा जास्त. फाइल टिफ ठेवा, जेपीईजी फक्त वाटायला. व्हॉट्सॲपवर पाठवलेला फोटो दाबून लहान केलेला असतो. पाठवायचाच तर 'डॉक्युमेंट' म्हणून पाठवा. प्रत्येक फोटोची मागची बाजूही स्कॅन करा, कारण स्टुडिओचा शिक्का आणि कोणीतरी लिहिलेली दोन नावं तिथेच असतात. फोटोवर बॉलपेनने काही लिहू नका. क्रमांक पाकिटावर घाला. चिकट पानांचे जे अल्बम १९८० च्या सुमाराला घरोघरी आले, त्यांचा गोंद फोटो पिवळा करतो. फोटो ओढून काढला तर फाटतो. दातांत फिरवायचा दोरा हळूहळू फोटोखालून सरकवा. तोही अडला तर अख्खं पान तसंच स्कॅन करा.

भिंतीवरच्या तसबिरी वेगळ्या. हार, गंध, उदबत्तीचा धूर, मागून ओल. बहुतेकदा फोटो काचेला चिकटलेला असतो. काच काढायच्या फंदात पडू नका, चेहराच काचेबरोबर येतो. काच बाहेरून कोरड्या मऊ कापडाने पुसा, तसबीर सपाट ठेवा, दोन्ही बाजूंनी ४५ अंशांत सारखा उजेड द्या, कॅमेऱ्याच्या मागे काळं कापड धरा म्हणजे आपलं प्रतिबिंब पडणार नाही, आणि काचेतूनच फोटो घ्या. हे एका तसबिरीला दहा मिनिटांचं काम आहे आणि कोणताही हौशी माणूस ते नीट करू शकतो.

लग्नाच्या व्हिडिओ कॅसेटना लोक हसतात. आम्हाला त्या सोन्यासारख्या वाटतात, कारण वरातीच्या मागे गल्ली दिसते, पाडलेला वाडा दिसतो, पंगतीत बसलेली, आज नसलेली माणसं चालताबोलताना दिसतात. पण कॅसेट थेट व्हीसीआरमध्ये घालू नका. खिडकीतून टेपच्या कडेला पांढरी भुकटी दिसली तर ती बुरशी आहे. चालवली की यंत्राच्या हेडला लागते आणि तिथून तुमच्या पुढच्या सगळ्या कॅसेटना. अशी कॅसेट बाजूला काढून साफ करणाऱ्याकडेच द्या. व्हीसीआरचं उत्पादन २०१६ साली थांबलं, चालू यंत्रं आणि दुरुस्त करणारे हात दोन्ही कमी होत आहेत, म्हणून कॅसेटचं काम फोटोंच्याही आधी. संकलित कॅसेटवर बहुतेकदा सिनेमाची गाणी चढवलेली असतात. मूळ आवाजाची मास्टर कॅसेट व्हिडिओवाल्याकडे किंवा वरपक्षाकडे पडलेली असू शकते, विचारून बघा. आठ मिलिमीटरची फिल्म सापडली आणि डबा उघडताच व्हिनेगरसारखा वास आला तर ती सडू लागली आहे. प्रोजेक्टरवर चढवू नका, वेगळी ठेवा, लगेच स्कॅनिंगला पाठवा. पन्नास फुटांच्या रिळात जेमतेम तीन-चार मिनिटं असतात, पण पुष्कळ घरांत तेवढीच असतात. दादासाहेब फाळके यांनी याच शहरात मूकपट काढले, त्यातले बहुतेक आज कुठेच उरलेले नाहीत. फिल्म कशी जाते हे नाशिकला परक्याने सांगायला नको.

हे सगळं ठेवायचं कुठे? सराफ बाजार, भांडी बाजार, गोदाकाठ इथल्या तळमजल्यावरच्या मंडळ कार्यालयात तर नक्कीच नाही. गोदेच्या पुराचं माप मानल्या जाणाऱ्या दुतोंड्या मारुतीच्या कमरेला पाणी लागलं की तुम्ही आधी काउंटर हलवता, कपाटाकडे कोण बघतं? कपाट वरच्या मजल्यावर, बाहेरच्या भिंतीपासून लांब. फोटो भिजलेच तर ढीग तसाच वाळू देऊ नका, ते कायमचे चिकटतात. स्वच्छ गार पाण्यात अलगद सुटे करा, चित्राची बाजू वर ठेवून कापडावर पसरा. दोन दिवसांत बुरशी धरते. तेवढ्यात हात पुरणार नसतील तर प्लास्टिकच्या पिशवीत घालून फ्रीजरमध्ये ठेवा आणि सवडीने एकेक करा.

डिजिटल फाइलींचा हिशोब सोपा आहे. शंभर मेगाबिटच्या चित्रीकरणाला तासाला ४५ जीबी लागतात. वीस माणसं, प्रत्येकी दीड तास, म्हणजे तीस तास, एका कॅमेऱ्याचे साधारण १,३५० जीबी. दोन टीबीची डिस्क पुरते, पण डिस्क तीन घ्या: एक कार्यालयात, एक सचिवांच्या घरी, एक नाशिकबाहेर. तिन्ही एकाच वेळी, एकाच दुकानातून, एकाच कंपनीच्या घेऊ नका, एकदमच जातात. पेन ड्राइव्ह म्हणजे साठवण नव्हे. वर्षातून एकदा, दसऱ्याला हत्यारं पुजतात तेव्हा, तिन्ही डिस्क जोडून फाइली उघडतात का ते बघा.

व्हिडिओवाल्याशी करार करताना मंडळं फक्त 'वीस मिनिटांची फिल्म' लिहितात. करारात वेगळं काही नसेल तर पैसे देऊन करून घेतलेल्या फिल्मचा पहिला मालक १९५७ च्या कॉपीराइट कायद्याप्रमाणे करून घेणारा असतो. पण मालकी असणं आणि फुटेज हातात असणं यांत अंतर आहे. जागा रिकामी करायला कार्ड आणि डिस्क काही महिन्यांत पुसल्या जातात, त्यात कोणाचा दुष्टपणा नसतो. म्हणून स्पष्ट लिहा: सर्व मूळ फुटेज आणि वेगळे ध्वनिट्रॅक मंडळाच्या डिस्कवर मिळाल्याशिवाय शेवटचा हप्ता दिला जाणार नाही. पार्श्वभूमीला सिनेमाचं गाणं वापरायचं नाही हेही लिहा, नाहीतर फिल्म यूट्यूबवर चढवली की आवाज बंद होतो किंवा दावा लागतो.

सांगणाऱ्याची संमती लेखी घ्या, आणि एकच सही घेऊन सगळं गुंडाळू नका. फिल्ममध्ये वापरायला हो, इंटरनेटवर टाकायला नाही, अमुक भाग माझ्या पश्चात, अमुक नाव गाळून, असे वेगळे पर्याय हवेत. मराठीत, मोठ्या अक्षरात, आणि वाचून दाखवून. मुलाखतीनंतर चार दिवसांनी पुन्हा विचारा, कारण बोलण्याच्या भरात माणूस सुनेबद्दल, जमिनीच्या वाटणीबद्दल, जावेच्या मृत्यूबद्दल बोलून जातं. ते काढायला सांगितलं तर वाद न घालता काढा. जिवंत माणसाच्या जातीचा, आजाराचा, कर्जाचा उल्लेख त्याला न विचारता ठेवू नका.

मग अक्षरलेखन. एक तासाची मुलाखत शब्दशः लिहायला पाच-सहा तास लागतात, म्हणजे तीस तासांना एका माणसाचं जवळजवळ महिन्याचं काम. यंत्राकडून मसुदा करून घ्या, पण गावांची नावं, आडनावं आणि अहिराणी तिथे हमखास चुकतात. सुट्टीत समाजातल्या कॉलेजच्या मुलामुलींना मानधन देऊन बसवा. मानधन द्याच, समाजकार्य म्हणून फुकट करून घेऊ नका. फुकटचं काम तिसऱ्या मुलाखतीला थांबतं. लेखन पूर्ण झालं की एक प्रत सांगणाऱ्याच्या घरी द्या. दुसरी १८४० पासून चालत आलेल्या आपल्या सार्वजनिक वाचनालयासारख्या संस्थेत ठेवता येईल का याची बोलणी करा, म्हणजे कार्यकारिणी बदलली, गटबाजी झाली, कार्यालयाला कुलूप लागलं, तरी ते उरेल.

पुढच्या वार्षिक सभेसाठी ठरावाचा मसुदा देतो, जसाच्या तसा घ्या: "माहितीपटासाठी मंजूर रकमेपैकी किमान निम्मी रक्कम मुलाखती, फोटो व कॅसेटचे डिजिटायझेशन आणि अक्षरलेखन यांसाठी राखीव ठेवावी. मुलाखतींच्या यादीत निम्म्या स्त्रिया असाव्यात. पदाधिकाऱ्यांच्या मुलाखती शेवटी घ्याव्यात. मूळ फुटेज मंडळाच्या ताब्यात आल्याखेरीज अंतिम देयक देऊ नये." सभेची नोटीस निघण्याची वाट न बघता समाजातल्या सर्वांत वयस्कर पाच जणांच्या घरी या आठवड्यातच फोन करा. आणि हा ठराव 'ऐनवेळचे विषय' यात ढकलू नका, तोवर अर्धे सभासद जेवायच्या रांगेत उभे असतात.

कळावे,
आपले,
नाशिकमध्ये माहितीपटाचं काम करणारे काही जण